वर्गणी सरल्यावर

गेल्या दिवाळींत आमचा भाचा सुट्टीकरितां आमच्या घरीं आला होता. येतांना त्यानें आपलें खेळाचें यंत्र, ज्यास हल्लीं सर्वत्र कन्सोल म्हणतात, तें बरोबर आणलें होतें. लक्ष्मीपूजनाच्या दुसऱ्या दिवशीं सकाळीं त्यानें तें टीव्हीस जोडलें, आणि पाहतो तों आवडत्या खेळाच्या चित्रावर एक लहानसें कुलूप! घरांत थोडी धांदल उडाली. चौकशीअंतीं समजलें तें असें कीं, ज्या कार्डावरून दरमहा वर्गणी जात असे त्या कार्डाची मुदत संपली होती. वर्गणी भरली गेली नव्हती. आणि रात्रीं केव्हांतरी त्याचें सभासदत्व सरलें होतें. "मामा, खेळ तर इथंच आहे. ऐंशी जीबी जागा अडवून बसलाय. मग उघडत का नाही?" त्याचा हा प्रश्न बालिश म्हणून हसण्यावारी नेण्याचा आम्हीं प्रथम यत्न केला, पण उत्तर द्यावयास बसलों तेव्हां तें आम्हांसच नीट देतां येईना.

कारण वस्तुस्थिति खरोखरच विचित्र होती. खेळ घरांत होता. त्या खेळांत एकसष्ट तास घालवून आमच्या भाच्यानें जी मजल मारली होती तिची नोंदही त्याच पेटींत, त्याच तबकडीवर होती. दोहोंच्या मध्यें एक किल्ली तेवढी नव्हती, आणि ती समुद्रापलीकडच्या कोणत्या तरी कचेरींत होती. चोरी झाली असें म्हणावें तर कांहीं नेलेलें नाहीं; वस्तु परत केली असें म्हणावें तर कांहीं परत केलेलें नाहीं. ही अवस्था जगांत कशी आली, आणि तिच्या आधीं काय होतें, याचा थोडा शोध घेण्याचें आम्हीं ठरविलें. त्यांत जें हातीं लागलें तें वाचकांपुढें ठेवीत आहों.

वर्गणी भरून परक्याची वस्तु वापरण्याची चाल कांहीं आजची नव्हे. १८४२ सालीं चार्ल्स एडवर्ड म्यूडी या गृहस्थानें लंडनांत आपलें वर्गणीचें ग्रंथालय उघडलें. वर्षाची वर्गणी एक गिनी. तेवढ्यावर एका वेळीं एक खंड घरीं नेतां येई. त्या काळीं तीन खंडांच्या नव्या कादंबरीची किंमत साडेएकतीस शिलिंग, म्हणजे दीड गिनी असे. एका कादंबरीच्या किंमतींहून कमी पैशांत वर्षभर कादंबऱ्या वाचावयास मिळत असतां त्या विकत घेणार कोण? म्यूडीचें ग्रंथालय १९३७ पर्यंत चाललें, आणि त्याच्या भरभराटीच्या काळांत इंग्रजी कादंबरी तीन खंडांची असावी कीं नसावी हें लेखकापेक्षां तोच अधिक ठरवी. आपल्याकडे ठाण्याचें मराठी ग्रंथसंग्रहालय १८९३ सालीं निघालें व मुंबईचें १८९८ सालीं. आणि पुढें तर गांवोगांव वाचनालयें झालीं. त्यांची रीत आमच्या वाचकांस सांगावयास नको. अनामत भरावी, मासिक वर्गणी द्यावी, पुस्तक न्यावें, मुदतींत परत करावें. सभासदत्व सोडावयाचें झालें कीं शेवटचें पुस्तक टेबलावर ठेवून अनामत परत घ्यावी. समासांत पेन्सिलीनें कांहीं खरडलें असेल तर तें पुस्तकाबरोबर जाई, व पुढच्या वाचकाच्या करमणुकीचा अथवा संतापाचा विषय होई.

या व्यवहारांत एक गोष्ट इतकी उघड होती कीं तिच्याकडे कोणाचें लक्ष जात नसे. वाचनालयाजवळचें पुस्तक वाचनालयाच्या मालकीचें असे. प्रकाशकानें एकदां तें विकलें कीं त्याचा त्या प्रतीवरचा हात सुटला. अमेरिकेंत १९०८ सालीं हा वाद थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला होता. एका प्रकाशकानें कादंबरींत छापून ठेवलें कीं हें पुस्तक एका डॉलरहून कमी दरानें कोणी विकूं नये. न्यूयॉर्कच्या एका मोठ्या दुकानानें तें एकोणनव्वद सेंटांस विकलें. आणि न्यायालयानें निकाल दिला कीं विकलेल्या प्रतीचें पुढें काय व्हावें हें ठरविण्याचा अधिकार प्रकाशकास उरत नाहीं. जुनीं पुस्तकें विकणारे, भाड्यानें देणारे आणि ग्रंथालयवाले हे सारे तिकडे या एका तत्त्वाच्या आधारावर उभे आहेत.

व्हिडिओ खेळांचा धंदाही आरंभीं याच वाटेनें गेला. १९८० नंतरच्या दशकांत अमेरिकेंतील व्हिडिओ-दुकानें चित्रपटांबरोबर खेळांच्या कॅसेटीही भाड्यानें देऊं लागलीं. निन्टेंडो या जपानी कंपनीस हें मुळींच रुचलें नाहीं. जपानांत तेथील कायद्याच्या जोरावर खेळांचें भाडें बंद ठेवतां येत होतें. अमेरिकेंत तें जमेना. तेव्हां १९८९ सालीं तिनें ब्लॉकबस्टर या दुकानमालिकेवर दावा लावला. पण कशाबद्दल, तर कॅसेटीबरोबर जी सूचनापुस्तिका देत तिच्या नकला काढल्याबद्दल! मूळ दुखणें एक आणि औषध भलत्याच ठिकाणीं लावलेलें, असा हा प्रकार. पुढील वर्षीं अमेरिकेच्या विधिमंडळानें संगणकाचे प्रोग्राम भाड्यानें देण्यास बंदी करणारा कायदा केला, पण खेळांच्या कॅसेटी त्यांतून वगळल्या. दुकानें चालूच राहिलीं.

त्या भाड्याच्या कॅसेटींसंबंधीं एक बारकावा आम्हांस फार महत्त्वाचा वाटतो. ‘द लेजंड ऑफ झेल्डा’ हा खेळ १९८७ सालीं अमेरिकेंत सोनेरी रंगाच्या कॅसेटींत आला. तिच्या पोटांत एक लहानशी बॅटरी होती. यंत्र बंद केलें तरी खेळणाराची प्रगति त्या बॅटरीच्या जोरावर कॅसेटींतच टिकून राही. तीन खेळाडूंचीं नांवें लिहिण्याची सोय होती. अर्थात् भाड्यानें आणलेली कॅसेट मुलानें घरीं लावली कीं त्यांत आधींच कोणाचें तरी नांव असे. कोणी अर्धें राज्य पालथें घातलेलें असे, तर कोणी पहिल्याच गुहेंत मरून पडलेलें असे. आणि रविवारीं संध्याकाळीं कॅसेट परत गेली कीं या मुलाचे दोन दिवसांचे श्रमही तिच्याबरोबर दुकानांत जात. पुढच्या शनिवारीं तीच कॅसेट मिळेल, आणि मधल्या मुलानें आपलें नांव पुसलेलें नसेल, ही आशा. आमच्या महाराष्ट्रांतही १९९० नंतर कॅसेटी भाड्यानें मिळत. पण त्या बहुतेक नकली असत, आणि वर ‘९९९९ खेळ’ असें छापून आंत तेच पांच-सात खेळ पुनःपुन्हां भरलेले. त्यांत प्रगति टिकण्याचा प्रश्नच नव्हता. वीज गेली कीं सारें पहिल्यापासून.

तर भाड्याच्या काळीं डाव दुकानाकडे राही, आणि मूल रिकाम्या हातानें घरीं येई. आज नेमकें उलट झालें आहे. डाव मुलाकडे राहतो, आणि खेळ निघून जातो. ही अदलाबदल कशी झाली हेंच या सगळ्या इतिहासाचें मर्म आहे.

तिचा आरंभ तारेपासून होतो. १९८० च्या सुमारास मॅटेल या खेळण्यांच्या कंपनीनें आपल्या इंटेलिव्हिजन यंत्राकरितां केबलच्या तारेंतून खेळ पोंचविण्याची ‘प्लेकेबल’ नांवाची योजना काढली. दरमहा पैसे द्यावे, यादींतून खेळ निवडावा, तो तारेंतून येऊन जोडयंत्राच्या स्मरणांत उतरावा. पण नवे खेळ आकारानें वाढूं लागले, आणि त्या जोडयंत्राच्या इवल्याशा स्मरणांत ते मावेनात. तीन-चार वर्षांत योजना गुंडाळली. १९८३ सालीं विल्यम फॉन माइस्टर या धडपड्या मनुष्यानें टेलिफोनच्या तारेंतून अटारीचे खेळ देणारी ‘गेमलाइन’ काढली. तेथें खेळ उतरवून घेतला कीं तो ठराविक वेळा चाले, आणि मग पुनः पैसे. तीही बुडाली. पण तिच्या अवशेषांवर दोन वर्षांनीं जी कंपनी उभी राहिली तीच पुढें ‘अमेरिका ऑनलाइन’ या नांवानें घरोघर इंटरनेट नेऊन जगप्रसिद्ध झाली. बुडालेल्या धंद्याचें असें उत्तम क्रियाकर्म क्वचितच होतें.

१९९४ च्या अखेरीस अमेरिकेंत ‘सेगा चॅनेल’ सुरू झाला. महिना सुमारें पंधरा डॉलर, आणि महिन्यास पन्नासपर्यंत खेळ. येथें तर खेळ यंत्राच्या तात्पुरत्या स्मरणांतच राही; बटण दाबून यंत्र बंद केलें कीं तो वाफेसारखा उडून जाई. ‘मेगा मॅन : द वायली वॉर्स’ हा खेळ जपानांत व युरोपांत कॅसेटींत विकला गेला, अमेरिकेंतील मुलांनीं मात्र त्या काळीं तो केवळ या तारेंतून पाहिला. १९९८ सालीं सेगा चॅनेल बंद पडला. ज्यांनीं तो खेळ महिनोन्महिने खेळला त्यांच्याजवळ दाखवावयास कांहींच राहिलें नाहीं.

त्याच सुमारास जपानांत याहून चमत्कारिक प्रयोग चालला होता, आणि तो आम्हांस या सर्व प्रयोगांत अत्यंत हृद्य वाटतो. निन्टेंडोनें सेंट गिगा या उपग्रह-रेडिओ कंपनीशीं हातमिळवणी करून एप्रिल १९९५ मध्यें ‘सॅटेलाव्ह्यू’ नांवाचें उपकरण काढलें. तें सुपर फॅमिकॉम यंत्राखालीं बसवावयाचें, व ठराविक वेळीं आकाशांतून येणारे खेळ झेलावयाचे. येथें मासिक वर्गणीपेक्षां घड्याळाचें बंधन कडक होतें. त्या वर्षीच्या ऑगस्टमध्यें झेल्डाचा एक खास अवतार चार आठवडे, दर आठवड्यास एक भाग, असा प्रसारित झाला. त्यांत खेळ चालू असतां रेडिओवरून नटांचे आवाज ऐकूं येत, सूचना मिळत, आणि घड्याळाच्या कांट्याबरोबर कथा पुढें सरके. म्हणजे तो खेळ एकाच वेळीं देशभरच्या घरांतून सुरू होई आणि एकाच वेळीं संपे. नाटकाचा पडदा पडावा तसा. बाकीचे कांहीं खेळ एका लहानशा स्मृति-कॅसेटींत सांठवितां येत, पण त्यांतल्याही कांहींना इतक्याच वेळा चालण्याची मर्यादा घातलेली असे. १९९९ सालीं निन्टेंडोनें अंग काढून घेतलें, आणि ३० जून २००० रोजीं प्रसारण थांबलें. त्यानंतर हौशी लोक जुन्या बाजारांतून त्या स्मृति-कॅसेटी विकत घेऊं लागले, आणि आंत मागील मालकाचें काय पुसावयाचें राहून गेलें आहे तें काढूं लागले. अनेक खेळ अशा रीतीनेंच हातीं आले. परंतु त्यांबरोबर जे जिवंत आवाज हवेंतून येत ते कॅसेटींत नव्हतेच. कोणा मुलानें त्या वेळीं टेप लावून ठेवली असेल तेवढेच उरले.

आतां आजच्या व्यवस्थेकडे वळूं. खेळाची फाईल घरांतील तबकडीवर उतरवितां येऊं लागली आणि यंत्रें इंटरनेटला कायमचीं जोडलीं गेलीं, तेव्हां पूर्वीच्या दोन्ही युक्त्या, म्हणजे स्मरण पुसून टाकणें आणि खेपा मोजणें, अनावश्यक झाल्या. खेळ घरीं राहूं द्यावा. परवाना मात्र हातीं ठेवावा. सोनीनें २०१० सालीं ‘प्लेस्टेशन प्लस’ काढलें, आणि पुढें दरमहा कांहीं खेळ सभासदांस ‘मोफत’ देण्यास आरंभ केला. हा ‘मोफत’ शब्द आमच्या मतें सर्व घोटाळ्याचें मूळ आहे. खेळ घेतला तरी तो सभासदत्व असेपर्यंत चाले. सभासदत्व सरलें कीं कुलूप. पुनः वर्गणी भरली कीं कुलूप निघे. मायक्रोसॉफ्टनें २०१३ सालीं अशीच ‘गेम्स विथ गोल्ड’ योजना काढली, आणि तिच्यांत एकाच फळीवर दोन प्रकारचे खेळ मांडले. जुन्या एक्सबॉक्स ३६० चे खेळ एकदां घेतले कीं कायमचे आपले. नव्या एक्सबॉक्स वनचे खेळ वर्गणी चालू असेपर्यंत. दोन्ही घेण्याचें बटण एकच. ही योजना सप्टेंबर २०२३ मध्यें बंद झाली, तेव्हां आपल्या कपाटांतील कोणती वस्तु आपली आणि कोणती उसनी, हें पुष्कळांस प्रथमच कळलें.

‘गेम पास’ ही त्याच कंपनीची सेवा १ जून २०१७ पासून चालू झाली. महिना दहा डॉलर आणि शंभराहून अधिक खेळ. तिनें निदान भाषा तरी सरळ ठेवली. हें ग्रंथालय आहे, वर्गणी भरा आणि वाचा, असा तिचा रोख होता. येथें दोन रीतींनीं खेळ हातचा जातो. एक, सभासदानें वर्गणी थांबविली तर. दुसरी, कंपनीचा त्या खेळाशीं असलेला करार संपून तो यादींतून निघाला तर. मग सभासद कितीही प्रामाणिकपणें पैसे भरीत असो. जाणाऱ्या खेळांचीं नांवें आधीं जाहीर होतात आणि तोंपर्यंत सभासदास तो सवलतीनें विकत घेतां येतो. २०२५ च्या ऑक्टोबरांत या सेवेच्या वरच्या वर्गाची अमेरिकेंतील मासिक वर्गणी वीस डॉलरांवरून एकदम तीस डॉलरांवर गेली. आणि दरवाढ सोसावी कीं आजवरचे अर्धवट डाव सोडून द्यावे, असा पेंच कित्येकांपुढें पडला. म्यूडीनेंही वर्गणी एका रात्रींत दीडपट केली असती, तर त्याच्या सभासदांनीं हातांतलें पुस्तक परत करून दुकानांतून तेंच पुस्तक विकत घेतलें असतें व उरलेलीं पानें वाचलीं असतीं. पान कोणतें तें त्यांस ठाऊक असतें, आणि खूण घालावयास कागदाचा कपटा पुरला असता.

या खुणेची गोष्टच निराळी. सभासदत्व सरल्यावर खेळणाराचा डाव, म्हणजे सेव्ह, तबकडीवर तसाच राहतो. त्यानें मिळविलेलीं पदकें त्याच्या नांवावर राहतात. परंतु डावाची जी दुसरी प्रत दूरच्या सर्व्हरवर ठेवलेली असते तिची कथा सेवेगणिक वेगळी. एक्सबॉक्सवर तिला वर्गणी लागत नाहीं. प्लेस्टेशनवर ती वर्गणीनंतर सहा महिनेपर्यंत ठेवतात. निन्टेंडोच्या २०१८ पासूनच्या सेवेंत पुनः वर्गणी भरून ती परत मिळविण्यास १८० दिवस दिलेले आहेत. त्यानंतर हमी नाहीं. पेढींतील गहाणास जशी सोडवणुकीची मुदत असते तशी ही मुदत. फरक इतकाच कीं गहाण ठेवणारानें येथें कर्ज मुळीं घेतलेलेंच नसतें.

याहून चमत्कारिक प्रकार जोडभागांचा. मूळ खेळ वर्गणींतला, पण त्याचे नवे अध्याय, नवे पोशाख, नवीं शस्त्रें सभासदानें रोख पैसे देऊन विकत घेतलेलीं. वर्गणी सरली कीं मूळ खेळ जातो. विकत घेतलेला भाग मात्र कायद्यानें त्याचाच राहतो. नाक गेलें आणि नथ उरली! ती नथ कोणास विकतां येत नाहीं, देतां येत नाहीं, आणि नाक पुनः आणल्याखेरीज घालतांही येत नाहीं.

आपल्याकडे यांत एक स्थानिक भर पडली. रिझर्व्ह बँकेच्या नियमांनुसार १ ऑक्टोबर २०२१ पासून कार्डावरून आपोआप होणाऱ्या मासिक कपातीस पूर्वसूचनेची व ग्राहकाच्या संमतीची अट लागू झाली. नियम ग्राहकाच्या हिताचा, यांत शंका नाहीं. आम्ही त्याचें स्वागतच करतों. परंतु त्या महिन्यांत अनेक परदेशी सेवांची वर्गणी कपात अडली, आणि सोडण्याची इच्छा नसतांही पुष्कळांचें सभासदत्व सरलें. वाचनालयाचा शिपाई अशा वेळीं घरीं येऊन ‘साहेब, दोन महिन्यांची बाकी आहे’ असें सांगे आणि पाणी पिऊन जाई. यंत्रास हा संकोच नाहीं.

कांहीं खेळांत वर्गणी हीच खेळाची भूमि असते. ‘वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट’ हा २००४ सालीं निघालेला खेळ पाहा. महिना पंधरा डॉलर. खेळणाराचें पात्र कंपनीच्या सर्व्हरवर. वर्गणी थांबली तरी पात्र तेथें झोंपून राहतें आणि कित्येक वर्षांनीं परत आलें तरी ओळख देतें. नांवाची मात्र शाश्वती नसते. फार दिवस न फिरकलेल्यांचीं नांवें कंपनीनें वेळोवेळीं मोकळीं करून इतरांस घेऊं दिलीं आहेत.

येथवर आम्हीं सभासदाच्या जाण्याचा विचार केला. संस्थाच गेली तर? गूगलनें २०१९ सालीं काढलेली ‘स्टेडिया’ १८ जानेवारी २०२३ रोजीं बंद केली. तींत खेळ घरीं येतच नसे. दूरच्या यंत्रावर चाले, आणि घरीं नुसतें चित्र दिसे. बंद करतांना कंपनीनें आपल्या दुकानांतून विकलेले खेळ व उपकरणें यांचे पैसे परत केले, हें तिच्या पदरीं घातलें पाहिजे. मासिक वर्गणीचे मात्र परत केले नाहींत. आणि तेंही न्यायाचेंच, कारण वर्गणीचा मोबदला त्या त्या महिन्यांत मिळून गेला होता. डाव बाहेर काढून नेण्याचीही सोय होती. मात्र तो डाव दुसऱ्या यंत्रावर चालेलच असें नव्हतें.

‘सिटी ऑफ हीरोज’ची हकीकत निराळी आहे. २००४ च्या एप्रिलांत निघालेला हा वर्गणीचा खेळ एनसीसॉफ्ट या कोरियन कंपनीनें बंद करण्याचें ऑगस्ट २०१२ च्या अखेरीस जाहीर केलें. बातमी समजतांच खेळाडू आपापलीं पात्रें घेऊन त्या काल्पनिक नगराच्या अ‍ॅटलस पार्क नांवाच्या चौकांत जमले, आणि हातांत मशाली धरून उभे राहिले. उपयोग झाला नाहीं. ३० नोव्हेंबर रोजीं नगर मावळलें. पुढें २०१९ सालीं असें उघडकीस आलें कीं कांहीं लोकांनीं तें नगर कित्येक वर्षें गुपचूप चालू ठेवलें होतें. बाहेर राहिलेल्या जुन्या खेळाडूंस अर्थातच संताप आला. पण त्या गौप्यस्फोटानंतर सर्व्हर सर्वांस खुले झाले. आणि जानेवारी २०२४ मध्यें मूळ कंपनीनेंच त्यांतील एका मंडळीस रीतसर परवाना दिला. बेकायदा जपणुकीनें कायदेशीर पुनर्जन्म दिल्याचें असें उदाहरण आम्हांस तरी दुसरें आठवत नाहीं.

कोणी म्हणेल, भाडेकरूनें घराबद्दल रडूं नये. हक्क हवा असेल तर विकत घ्यावें. तत्त्व बरोबर आहे. पण विकत घेणाराची स्थिति तरी काय आहे? ‘द क्रू’ हा मोटारींच्या शर्यतींचा खेळ यूबिसॉफ्टनें २०१४ सालीं पूर्ण किंमतीस विकला. सर्व्हर ३१ मार्च २०२४ रोजीं बंद केले, आणि विकत घेतलेली तबकडी हातीं धरून बसलेला मनुष्यही वर्गणीदाराइतकाच निराधार झाला. या प्रकारानें चिडलेल्या लोकांनीं युरोपीय संघाकडे जो अर्ज केला त्यावर २०२५ च्या जुलैपर्यंत दहा लक्षांहून अधिक सह्या झाल्या. कॅलिफोर्नियांत १ जानेवारी २०२५ पासून असा कायदा अमलांत आला कीं, परवानाच द्यावयाचा असेल तर तो परवाना आहे हें स्पष्ट सांगितल्यावांचून दुकानदारानें ‘विकत घ्या’ हे शब्द वापरूं नयेत. वर्गणीच्या सेवा त्यांतून वगळल्या आहेत, कारण तेथें मुदत मुळांतच बोलून दाखविलेली असते. आम्हांस ही सूट योग्य वाटते. वर्गणीनें कोणाचें नुकसान केलें नाहीं; उलट मध्यम स्थितींतील घरांत जे खेळ कधीं शिरते ना ते तिनें आणले. आमची तक्रार वेगळीच आहे.

वाचनालयाचें सभासदत्व आपण सोडलें तरी पुस्तक वाचनालयांत राहत असे. आपण गेलों, दुसरा आला, पुस्तक फळीवरच. या नव्या ग्रंथालयांत फळीच नाहीं. कोणाच्याही मालकीची प्रत नाहीं. आहेत ते फक्त करार, आणि करारांच्या तारखा. अमेरिकेंतील व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन या संस्थेनें २०२३ सालीं पाहणी केली. तींत २०१० पूर्वी तेथें निघालेल्या खेळांपैकीं ८७ टक्के खेळ बाजारांत कोठेंही विकत मिळत नाहींत असें आढळलें. ग्रंथालयांनीं व संशोधकांनीं मागितलें होतें तें फार थोडें : आपल्या संग्रहांतील असे खेळ अभ्यासकांस दुरून पाहूं द्यावे. ऑक्टोबर २०२४ मध्यें तेथील कॉपीराइट कचेरीनें ही परवानगी नाकारली. म्हणजे १९०८ सालीं पुस्तकाच्या प्रतीस जो मोकळा श्वास मिळाला तो खेळाच्या फाईलीस शंभराहून अधिक वर्षांनींही मिळालेला नाहीं.

२००९ सालची एक गोष्ट येथें सांगण्याजोगी आहे. अ‍ॅमेझॉननें त्या जुलैंत ग्राहकांच्या किंडल यंत्रांतून जॉर्ज ऑर्वेलच्या ‘१९८४’ या कादंबरीच्या विकलेल्या प्रती, विकणारास हक्क नव्हता म्हणून, दुरून पुसून टाकल्या व पैसे परत केले. पुस्तकाची निवड नियतीनें केली असावी, असें तेव्हां सर्वांनीं म्हटलें. पण एका शाळकरी विद्यार्थ्यानें त्या प्रतीवर अभ्यासाकरितां टिपणें केलीं होतीं. तीं टिपणें पुसलीं गेलीं नाहींत. पुस्तक मात्र गेल्यामुळें तीं कोणत्या वाक्यावरचीं हें समजण्यास मार्ग राहिला नाहीं. त्यानें दावा केला आणि कंपनीनें तडजोड केली. आमच्या भाच्याचे एकसष्ट तास त्या टिपणांच्याच जातीचे आहेत.

त्या दिवशीं आम्हीं आमच्या कार्डावरून एका महिन्याची वर्गणी भरली. कुलूप निघालें, आणि खेळ जेथें थांबला होता तेथूनच, म्हणजे एका पुलाच्या मध्यावरून, पुढें सुरू झाला. भाऊबीजेच्या दिवशीं यादींत त्या खेळापुढें सूचना दिसूं लागली कीं तो महिनाअखेर जाणार. तोंपर्यंत विकत घेतल्यास सवलत. सवलतीची किंमत अडीच हजारांच्या घरांत होती. भाच्यानें हिशेब केला, आणि विकत न घेतां तो रात्री जागून खेळूं लागला. सुट्टी संपण्याच्या आदल्या रात्रीं खेळ पुरा झाला. निघतांना यंत्रानें विचारलें, जागा मोकळी करण्याकरितां खेळ पुसूं का? तो ‘हो’ म्हणाला. सेव्हही पुसूं का? त्यानें आमच्याकडे पाहिलें, आणि ‘नको’ हें बटण दाबलें.